आमच्या भिंतीवरची सरस्वती

मी मुधोळचा. एवढे सांगितले की आपल्या मासिकाच्या कन्नड विभागातील मित्र लगेच शिकारी कुत्र्यांची चौकशी करू लागतात. त्यांचे मुधोळ बागलकोट जिल्ह्यातले, घोरपड्यांच्या संस्थानाचे. आमचे मुधोळ गोदावरीच्या काठापलीकडचे. निजामाच्या राज्यात तो नांदेड जिल्ह्याचा एक तालुका होता. १९५६ साली भाषावार प्रांतरचना झाली तेव्हा तो आदिलाबाद जिल्ह्यात गेला आणि २०१६ पासून निर्मल जिल्ह्यात आहे. जिल्हे तीन झाले, गाव जागचे हलले नाही. घरात मराठी, बाजारात तेलुगू आणि आजोबांच्या जुन्या कागदांवर उर्दू, असा आमच्याकडचा संसार आहे.

आमच्या तालुक्याला लागूनच बासर. गोदावरीकाठचे ज्ञानसरस्वतीचे हे देवस्थान सर्वांना ठाऊक असते. मूल शाळेच्या वयाचे झाले की दूरदूरचे लोक त्याला घेऊन तेथे येतात, देवीसमोर त्याच्याकडून पहिले अक्षर गिरवून घेतात आणि देवीच्या अंगावरच्या हळदीचा प्रसाद घेऊन परततात. त्यामुळे सरस्वती ही आम्हाला पोथीतली देवता कधी वाटलीच नाही. ती शेजारची वाटे. परंतु मला जी सरस्वती प्रथम आठवते ती बासरची नव्हे. ती आमच्या ओसरीच्या भिंतीवरची, काचेच्या चौकटीतली. पांढरे, जरीच्या काठाचे पातळ नेसलेली, खडकावर बसलेली, मांडीवर वीणा घेतलेली, चार हात, जवळ मोर. लहानपणी मी आजीला विचारले होते की बासरची देवी हळदीने पिवळी, मग आपली पांढरी का? आजीने काय सांगितले ते आता आठवत नाही, पण तिला तो प्रश्न आवडला नव्हता एवढे आठवते.

त्या तसबिरीची एक हकिकत आमच्या घरात सांगितली जाते. आमचे घर गावकुसाबाहेरचे. गावातल्या देवळाचा उंबरठा आमच्यासाठी नव्हता, लांबून हात जोडायचे आणि वळायचे. माझे वडील पाच वर्षांचे झाले तेव्हा निजामी चालू होती. आजोबा नांदेडला सालाचे काही सामान घ्यायला गेले आणि येताना ही तसबीर घोंगडीत गुंडाळून घेऊन आले. ती त्यांनी ओसरीत टांगली, खाली पाट मांडला, थाळीत तांदूळ पसरले आणि वडिलांचे बोट धरून त्यात श्री काढून घेतला. आजोबांना स्वतःला तेवढे एकच अक्षर येत होते. पुढे वडील शिकले, मास्तर झाले आणि मी आज चार ओळी लिहू शकतो, त्याचा आरंभ त्या थाळीत आहे.

मागच्या वर्षी चौकटीची काच तडकली म्हणून मी तसबीर दुकानात नेली. कारागिराने मागचा पुठ्ठा काढला, चित्र अलगद बाहेर ओढले आणि आजवर चौकटीच्या लाकडाखाली दडलेली एक पांढरी पट्टी उघडी पडली. तिच्यावर बारीक इंग्रजी अक्षरांत छापले होते, रवि वर्मा प्रेस, कार्ला, लोणावळा. मी चपापलो. ज्या चित्राला आमच्या तीन पिढ्यांनी हात जोडले ते कुठल्या तरी छापखान्यात यंत्रावर निघालेले आहे हे तसे मला कळायला हवे होते. पण देवाच्या चित्राला गाव असते, पत्ता असतो, हा विचारच कधी मनात आला नव्हता. त्या पत्त्याचा माग काढता काढता मी ज्या माणसापाशी जाऊन पोचलो त्याचे चरित्र येथे सांगतो.

रवि वर्मा यांचा जन्म २९ एप्रिल १८४८ रोजी त्रावणकोर संस्थानातील किळिमानूर येथे झाला. घराणे जमीनदारीचे आणि राजघराण्याशी सोयरिकीचे. पोराला भिंती रंगवण्याचा नाद होता. मामा राजराज वर्मा स्वतः चित्रे काढीत, त्यांनी भाच्याचा हात ओळखला आणि १८६२ साली त्याला तिरुवनंतपुरमला महाराज आयिल्यम तिरुनाल यांच्या दरबारी नेले. तेथे एक अडचण उभी राहिली. तेलाचे रंग तेव्हा आपल्याकडे नवे होते. ते वापरण्याची हातोटी दरबारातील रामस्वामी नायकर यांना येत होती, पण पुढे प्रतिस्पर्धी होईल अशा मुलाला ते शिकवीनात. नायकरांचा एक शिष्य चोरून चार गोष्टी दाखवी, असे चरित्रकार सांगतात. १८६८ साली थिओडोर जेन्सन नावाचा युरोपीय चित्रकार महाराजांची चित्रे काढायला आला. त्यानेही शिकवण्यास नकार दिला, फक्त काम चालू असताना बाजूला उभे राहून पाहण्याची परवानगी दिली. रवि वर्मांनी पाहिले. कोणता रंग कशात मिसळतो, कुंचला किती वेळा पुसला जातो, सावली आधी की उजेड आधी, हे सगळे त्यांनी डोळ्यांनी चोरले. आमच्या आजोबांनीही उंबरठ्याबाहेरून पाहूनच देवपूजा शिकली होती. हे दोन प्रकार सारखे नाहीत, हे मला कळते. तरी ते वाचताना आजोबा आठवले खरे.

यानंतरचा एक प्रसंग कन्नड वाचकांनी मुद्दाम ध्यानात ठेवावा असा आहे. १८७० साली, बाविसाव्या वर्षी, चित्रकलेवरच पोट भरायचे असे ठरवून रवि वर्मा कोल्लूरला मूकांबिकेच्या दर्शनाला गेले. सह्याद्रीच्या कुशीतले हे देवीस्थान, आणि केरळचे लोक तेथेही मुलांना पहिले अक्षर गिरवायला नेतात. म्हणजे त्यांचे बासरच. तेथे भजनपूजनात दिवस घालवून परतताना कालिकतला एका मेनन कुटुंबाने त्यांच्याकडून आपले चित्र काढवून घेतले. पैसे घेऊन केलेले ते त्यांचे पहिले काम. राजघराण्याशी नाते असलेल्या माणसाने मोल घेऊन चित्रे काढावीत हे तेव्हा सर्वांनाच रुचणारे नव्हते.

पुढची वीस वर्षे कीर्तीची आहेत आणि ती मी भराभर सांगतो, कारण ती पुष्कळ पुस्तकांत सापडतात. १८७३ साली मद्रासच्या प्रदर्शनात सुवर्णपदक, त्याच वर्षी व्हिएन्नाच्या प्रदर्शनात गौरव. शकुंतला दुष्यंताला पत्र लिहिते आहे हे चित्र मद्रासच्या गव्हर्नराने विकत घेतले. १८८१ साली सयाजीराव गायकवाडांच्या हाती राज्यकारभार येण्याचा समारंभ बडोद्याला झाला, त्या निमित्ताने रवि वर्मा धाकटे बंधू सी. राजराज वर्मा यांच्यासह तेथे गेले. बडोद्याचे दिवाण तेव्हा सर टी. माधवराव. ते मूळचे तंजावरकडच्या मराठी कुळातले, आणि त्याआधी त्रावणकोरचे दिवाण होते. म्हैसूरला चामराजेंद्र वडियार यांनी १८८५ साली बोलावून घेतले. १८९३ साली शिकागोच्या जागतिक प्रदर्शनात त्यांच्या चित्रांना पदके मिळाली. विवेकानंद ज्या वर्षी शिकागोला गेले तेच हे वर्ष.

यातली एक गोष्ट मात्र थांबून सांगण्यासारखी आहे. १८८८ साली सयाजीरावांनी त्यांना चौदा पौराणिक चित्रे काढण्यास सांगितले. नल-दमयंती, शंतनू आणि मत्स्यगंधा, विश्वामित्र-मेनका अशी ती चित्रे होती. काम हाती घेण्यापूर्वी दोघे भाऊ उत्तर हिंदुस्थानभर हिंडले. शोध कशाचा, तर कपड्यांचा. दमयंती काय नेसत असेल? द्रौपदी? प्रांतोप्रांती बायका वेगळ्या तऱ्हेने नेसणाऱ्या, केरळात आणखी निराळे. सगळ्या देशाला आपली वाटेल अशी सीता कोणत्या वेषात दाखवायची? शेवटी ते साडीवर येऊन थांबले, आणि त्यांच्या अनेक पौराणिक स्त्रिया आपल्याकडच्या धर्तीने नेसलेल्या दिसतात. मुंबईतल्या मुक्कामात त्यांनी येथील बायकांचे नेसणे आणि येथील नाटके जवळून पाहिली होती. आज आपण दूरदर्शनवर, यात्रेतल्या देखाव्यात, शाळेच्या स्नेहसंमेलनात जी सीता पाहतो ती साडीतच असते आणि तशीच ती पूर्वापार असावी असे आपण गृहीत धरतो. त्या गृहीताच्या मुळाशी केरळातल्या दोन भावांचा रेल्वेप्रवास आहे.

ती चौदा चित्रे राजवाड्यात जाण्यापूर्वी लोकांना पाहावयास ठेवली गेली. गर्दी लोटली. पाहणारे हात जोडू लागले. तोवर असे मोठे तैलचित्र राजाच्या दिवाणखान्यात लागायचे, सामान्य माणसाच्या दृष्टीस पडायचेच नाही. माधवरावांनी पूर्वीच, १८८४ साली, रवि वर्मांना पत्राने सुचवले होते की तुम्हा दोघा भावांचे हात किती आणि चित्रे मागणारे किती! काही निवडक चित्रे युरोपात पाठवून त्यांच्या छापील प्रती काढून घ्या. दहा वर्षे ती सूचना तशीच राहिली. मग रवि वर्मांनी ठरवले की युरोपात कशाला, छापखाना येथेच काढू.

आता तो छापखाना कसला होता ते समजले पाहिजे, नाहीतर या माणसाने डोक्यावर केवढे ओझे घेतले ते कळणार नाही. शिळाछापाची युक्ती बव्हेरियातल्या आलॉइस झेनेफेल्डर नावाच्या माणसाची. तो नाटककार होता आणि आपली नाटके छापायला त्याच्यापाशी पैसे नव्हते, म्हणून स्वस्त छपाईची खटपट करी. १७९६ च्या सुमारास आईने त्याला धुवायला द्यायच्या कपड्यांची यादी लिहायला सांगितली. जवळ कागद नव्हता, तेव्हा त्याने तेलकट शाईने ती समोरच्या गुळगुळीत दगडावर लिहिली, आणि त्यातून त्याला ही कल्पना सुचली. आमच्या देव्हाऱ्यातल्या लक्ष्मी-सरस्वतीची वंशावळ शोधत गेलो तर ती धोब्याच्या यादीपाशी पोचते, याचे मला अजून हसू येते. असो.

युक्ती अशी आहे. विशिष्ट जातीच्या चुनखडीच्या शिळेवर तेलकट शाईने उलटे चित्र काढायचे. शिळा पाण्याने ओली करायची. पाणी कोऱ्या दगडात मुरते, तेलकट रेषांवर ठरत नाही. मग शाईचा रूळ फिरवला की उलट होते, शाई रेषांना धरते आणि ओल्या दगडावर बसत नाही. वर कागद दाबला की चित्र उतरते. हे झाले एका रंगाचे. रंगीत चित्रासाठी प्रत्येक रंगाची वेगळी शिळा. एक शिळा नुसत्या फिक्या गुलाबी रंगाची, एक पिवळ्याची, एक निळ्याची, शिवाय मधल्या छटांच्या निराळ्या. तोच कागद या सर्व शिळांवरून पाळीपाळीने जायचा आणि प्रत्येक वेळी केसभरही न सरकता बसायचा. थोडा सरकला की देवीचे ओठ हनुवटीवर! शेवटी तैलचित्राची झळाळी यावी म्हणून वरून रोगणाचा हात. अशा चित्राला ओलिओग्राफ म्हणत. या कामाला यंत्रे जर्मनीची लागत आणि ती चालवायला माणसेही तेथूनच आणावी लागली.

चित्रे छापण्याचा उद्योग आपल्याकडे अगदीच नवा नव्हता. पुण्यात विष्णुशास्त्री चिपळूणकरांनी वासुदेवराव जोशी आदी सहकाऱ्यांसह १८७८ साली चित्रशाळा काढली होती आणि तिची देवादिकांची व मराठी वीरांची रंगीत चित्रे घरोघर गेली होती. त्याआधी घरात देव असायचे ते देव्हाऱ्यातले टाक आणि मूर्ती. श्रीमंतांच्या घरी काचेवर रंगवलेली किंवा तंजावरची सोन्याच्या वर्खाची चित्रे. आमच्या निर्मलचे चित्रकारही नवाबांसाठीच काम करीत. भिंतीवर सहज टांगावा असा, चारचौघांना परवडणारा आणि तरीही राजवाड्यातल्या चित्रासारखा दिसणारा देव नव्हता. तो रवि वर्मांनी आणला.

१८९४ साली मुंबईत गिरगावात छापखाना सुरू झाला. गोवर्धनदास खटाव मखनजी हे भागीदार. पहिले चित्र निघाले शकुंतलेच्या जन्माचे. मग लक्ष्मी आणि सरस्वती आल्या आणि मागणी सुरू झाली. कमळावर उभी, हातांत कमळे घेतलेली, शेजारी हार घेतलेला हत्ती अशी लक्ष्मी ज्याने पाहिली नाही असा वाचक मिळायचा नाही. वाण्याच्या गल्ल्यावर, सोनाराच्या पेढीवर, दिवाळीच्या पूजेत तीच. ती पुराणकाळापासून तशीच उभी आहे असे आपल्याला वाटते. तिच्या या घडणीला अजून दीडशे वर्षेही झालेली नाहीत.

छापखाना नावारूपाला येत होता आणि नेमक्या त्याच वेळी, १८९६ साली, मुंबईत प्लेग आला. माणसे शहर सोडून पळाली, त्यात छापखान्याचे कामगारही गेले. भागीदार बाजूला झाला. बाजारात नकली प्रती आल्या, कोणीही उठावे आणि रवि वर्मांच्या लक्ष्मीची नक्कल छापावी. सगळे कर्ज आणि सगळी काळजी दोघा भावांवर आली. शेवटी छापखाना मुंबईतून हलवून मळवली स्टेशनजवळ, कार्ल्याच्या लेण्यांच्या परिसरात नेला. आमच्या चित्रावरचा पत्ता तो हाच. जड जड शिळा आणि यंत्रे घाट चढवून तेथे न्यायची हेच एक दिव्य असले पाहिजे.

रवि वर्मा चित्रकार मोठे, व्यापारी नव्हते. हिशेब पाहायचे कोणी, वसुली करायची कोणी? कर्ज फेडण्यासाठी ते राजेरजवाड्यांची चित्रे काढायला गावोगाव फिरत राहिले. कुंचल्याने मिळवायचे आणि छापखान्यात घालायचे. ते आमच्या निजामाच्या राज्यातही आले होते. १९०२ च्या सुमारास हैदराबादेत प्रसिद्ध छायाचित्रकार राजा दीनदयाळ यांच्याकडे त्यांचा मुक्काम होता. दरबारातून मोठे काम मिळेल ही आशा होती, ती काही फळली नाही. ज्या राज्यातून त्यांना मोकळ्या हाताने परतावे लागले त्याच राज्यातल्या ओसऱ्यांवर त्यांची चित्रे पुढे ठिकठिकाणी टांगली गेली. विसाव्या शतकाच्या अगदी आरंभी त्यांनी छापखाना विकून टाकला. घेणारा फ्रिट्झ श्लायखर हा तेथेच काम करणारा जर्मन तंत्रज्ञ. चित्रे छापण्याचा हक्कही त्याच्याकडे गेला. म्हणजे पुढे घराघरात जी लक्ष्मी आली तिने रवि वर्मांच्या घरात फारसे काही आणले नाही.

शेवटची वर्षे सुखाची नव्हती. १९०४ साली इंग्रज सरकारने कैसर-ए-हिंद पदक दिले आणि त्या कागदावर त्यांचा उल्लेख राजा रवि वर्मा असा झाला. ते राजे नव्हते, तेव्हा त्यावरून त्रावणकोर दरबारात नाराजी झाली. आपण मात्र आजतागायत राजाच म्हणत आलो आहोत. जानेवारी १९०५ मध्ये धाकटे बंधू राजराज वर्मा वारले. चित्रातला निसर्ग पुष्कळदा हा भाऊ रंगवी, प्रवासाची व्यवस्था तो बघे, रोजनिशी तो लिही. आपल्याला आज जे कळते त्यातले बरेचसे त्याच्या त्या रोजनिशीमुळेच. भाऊ गेल्यावर मधुमेहाने खंगलेल्या रवि वर्मांनी म्हैसूरच्या महाराजांची पौराणिक चित्रे पुरी केली आणि २ ऑक्टोबर १९०६ रोजी, वयाच्या अठ्ठावन्नाव्या वर्षी, त्यांनी देह ठेवला.

मृत्यूनंतर टीकेचा भडिमार झाला. बंगालमध्ये नव्या चित्रकलेचा संप्रदाय उभा राहत होता. हॅवेल, आनंद कुमारस्वामी, भगिनी निवेदिता यांसारख्या जाणत्यांचे म्हणणे असे की ही कला विलायतेची उसनवारी आहे, यातले देव हे देव नसून नाटकातली पात्रे आहेत. छापील प्रतींविषयी तर बोलायलाच नको, ती बाजारू वस्तू. या टीकेत तथ्य नाही असे मी म्हणणार नाही. अजिंठ्याच्या भिंती पाहून आल्यावर रवि वर्मांची मेनका पाहिली तर ती जरा मांडून बसवल्यासारखी वाटते. पण या थोर टीकाकारांपैकी कोणाला अस्पृश्य म्हणून देवळाच्या पायरीवरून परत फिरावे लागले नव्हते. त्यांच्या दृष्टीने प्रश्न चित्र चांगले की वाईट एवढाच होता. आमच्या आजीला ती सरस्वती चांगल्या घरातल्या बाईसारखी दिसे, आणि म्हणूनच तिच्याशी बोलता येई. संध्याकाळी दिवा लावताना ती तिला दिवसभराचे सांगत असे. मूर्तीशी असे बोलायला आधी मूर्तीपाशी जाता आले पाहिजे.

हे सगळे रवि वर्मांच्या मनात होते काय? तसे म्हणणे म्हणजे त्यांच्यावर आपले विचार लादणे होईल. ज्या त्रावणकोरात ते वाढले तेथे शिवाशिवीचे नियम अतिशय कडक होते आणि ते स्वतः उच्च कुळातले, नित्यनेमाने पूजाअर्चा करणारे गृहस्थ होते. त्यांनी सुधारणेची चळवळ केली नाही. छापखाना काढण्यात लोकांची अभिरुची घडवण्याची इच्छा होती, तशी चार पैसे मिळावेत हीही होती. पण छापलेले चित्र विकत घेणाऱ्याची जात विचारीत नाही. नाशिकला काळाराम मंदिराचा सत्याग्रह १९३० साली सुरू झाला. त्रावणकोरातली सरकारी देवळे सर्व हिंदूंना खुली झाली ती १९३६ साली. त्याच्या किती तरी आधी मळवलीच्या शिळांवरून उतरलेल्या लक्ष्मी-सरस्वती आगगाडीत बसून निघाल्या होत्या आणि ज्याच्या हाती चार आणे आहेत त्याच्या घरी जाऊन भिंतीवर बसत होत्या.

श्लायखरच्या हाती छापखाना चालला. पुढे धुरंधरांसारख्या चित्रकारांचीही चित्रे तेथे छापली जाऊ लागली. दिनदर्शिका, कापडाच्या गाठींवरची चित्रे, जाहिराती, सगळीकडे हे देव गेले. काही घरांतून तर बायकांनी छापील देवीला खरी जर, टिकल्या आणि कापडाचे तुकडे चिकटवून साडी नेसवलेली असे, अशा तसबिरी आजही जुन्या वाड्यांत पाहायला मिळतात. नाशिकच्या त्र्यंबकेश्वरकडचा एक तरुण, धुंडिराज गोविंद फाळके, याने या छापखान्यासाठी लोणावळ्यात शिळाछापाची कामे केली, मग स्वतःचा छपाईचा धंदा काढला, रंगीत छपाई शिकायला जर्मनीला जाऊन आला, आणि १९१३ साली राजा हरिश्चंद्र हा चित्रपट दाखवून त्याने तेच पौराणिक देवादिक पडद्यावर चालते केले. मळवलीचा छापखाना १९७२ साली आगीत जळाला. ज्या शिळांवरून आमची सरस्वती उतरली त्या तेव्हा राहिल्या की नाही, कोण जाणे. १९७१ साली सरकारने रवि वर्मांचे टपाल तिकीट काढले होते, आणि १९७९ साली त्यांच्या कलाकृतींना राष्ट्रीय ठेवा ठरवून त्या देशाबाहेर नेण्यास बंदी केली.

आमच्या तसबिरीचा हिशेब एवढा मोठा निघेल असे त्या दिवशी दुकानात वाटले नव्हते. कारागिराने विचारले की कागदाच्या कडा जीर्ण झाल्या आहेत, खालची पट्टी कापून टाकू का, चौकट नीट बसेल. मी नको म्हटले. मग त्याने चौकटच बोटभर मोठी केली. आता चित्राखाली ती छापील ओळ दिसते. वडिलांना चष्मा लावूनही ती वाचता येईना, तेव्हा मी वाचून दाखवली. त्यांनी लोणावळा कोठे आले ते विचारले, मी सांगितले. मग ते स्टुलावर चढू लागले, मी नको नको म्हणत असताना, आणि त्यांनी स्वतःच्या हाताने ती जुन्या खिळ्याला टांगली. थोडी डावीकडे कलली आहे, पण त्यांच्यादेखत सरळ करायची कोणाची छाती नाही.